सी. रामचंद्र स्पेशल पेनड्राइव्ह: गाणी एक नंबर, नावांचा मात्र घोळ

बाबांच्या वाढदिवसाला जुन्या गाण्यांच्या एका दुकानातून संगीतकार सी. रामचंद्रांच्या १२० गाण्यांचा पेनड्राइव्ह घेतला, ४५० रुपयांना, गाडीत लावता येईल म्हणून. दुकानाचं नाव टाकत नाही, माणूस भला आहे पण तक्रार आहेच.

आधी चांगलं सांगते. गाणी सिनेमाच्या सालाप्रमाणे लावलीत आणि हेच मला सगळ्यात आवडलं. नाशिकला जाताना लावला तर १९४७ च्या 'शहनाई'तलं संडे के संडे, मग 'पतंगा'मधलं मेरे पिया गए रंगून, मग १९५१ चा 'अलबेला' आला आणि शोला जो भडकेचा बोंगो सुरू झाल्या झाल्या बाबा शेजारच्या सीटवर बसून डॅशबोर्डवर बोटं वाजवायला लागले. त्याच सिनेमात धीरे से आजा री अखियन में सारखं अंगाईगीत, आणि दोनच वर्षांनी 'अनारकली'चं ये जिंदगी उसी की है. एकामागोमाग एक ऐकलं ना की अक्षरशः चाट पडतो आपण, हे सगळं एकाच माणसाचं! मूळचे पुणतांब्याचे, शिकले शास्त्रीय गायक विनायकबुवा पटवर्धनांकडे, आणि हिंदी गाण्यात क्लॅरिनेट, सॅक्सोफोन असे काही आणले की आजही पाय थिरकतात.

आता तक्रार. गाडीच्या स्क्रीनवर 'आझाद'चं कितना हसीन है मौसम लागलं तेव्हा गायक म्हणून तलत महमूद लिहून आलं. अहो ते स्वतः अण्णांनी, म्हणजे सी. रामचंद्रांनीच गायलंय, चितळकर या आडनावाने, लताबाईंबरोबर! आवाज तलतसारखा वाटतो हे खरं, पण त्यांचाच स्पेशल पेनड्राइव्ह विकताय आणि त्यांचंच गाणं दुसऱ्याच्या नावावर? मला खरंच वाईट वाटलं. अजून एक, 'अनारकली'मधलं गीता दत्तचं आ जाने वफा पण अण्णांच्या खात्यात टाकलंय, त्याचं संगीत वसंत प्रकाशांचं आहे.

आणि मराठी अगदीच कमी. 'घरकुल'मधलं मलमली तारुण्य माझे आहे पण पप्पा सांगा कुणाचे नाही, आई मागच्या सीटवर त्याचीच वाट बघत बसली होती, शेवटी मोबाईलवर लावून दिलं.

आवाज बाकी स्वच्छ आहे, एक-दोन गाण्यांचा व्हॉल्यूम कमी येतो तेवढं चालतं. दुकानदाराला फोन केला तर म्हणाले, ताई आणून द्या, दुरुस्त करून देतो. पण बाबा तो हातचा सोडायला तयार नाहीत म्हणून मीच लॅपटॉपला लावून तलतच्या जागी चितळकर टाईप केलं.

५ पैकी साडेतीन. घ्या, पण नावं तपासून घ्या.