तीर्थनचा ट्राऊट की गावचा नाला, गळ टाकायचा कुठं?

सुट्ट्या जवळ आल्या की आपल्या इकडचे पोट्टे ट्राऊट माशाचे व्हिडिओ पाहात बसतात अन् मग विचारतात, भाऊ हिमाचलले जाऊ का, की भंडाऱ्यातल्या साकोली-लाखांदूरकडचे चूलबंद नदीचे नालेच बरे? दोन्हीकडं मजा आहे, पण मजा वेगळी आहे, म्हणून जरा सविस्तर सांगतो.

ट्राऊटचं बी, म्हणजे पिल्लं, आणून आपल्या नाल्यात सोडायचं डोक्यात असेल तर ते आधी काढून टाका. त्याला थंड, खळखळ वाहणारं पाणी लागतं, पाणी वीस डिग्रीच्या वर गेलं की त्याचं जमत नाही, आणि आपल्याकडं मे महिन्यात डबक्यातलं पाणी कोमट लागते राजेहो. तसा तो हिमाचलचाही मूळचा नाही. इंग्रजांनी आपल्या हौशीसाठी आणला, कुल्लूत 1909 च्या सुमारास सोडला अन् तिथल्या बर्फाच्या पाण्यात तो रुजला. कुल्लूतल्याच तीर्थन नदीत आता मुख्य तोच, ब्राऊन ट्राऊट, काही ठिकाणी रेनबोही.

आपल्या नाल्याचा राजा म्हणजे मरळ, आणि तो बरोबर उलटा. ट्राऊटला पाण्यात भरपूर ऑक्सिजन पाहिजे, मरळ वर येऊन हवेचा घोट घेऊन जातो, म्हणून गढूळ, शेवाळलेल्या डोहातही तग धरतो. सकाळी काठावर गप बसा, पाणी हाललं, एक फुगा फुटला अन् परत शांत झालं की समजा तिथं आहे. त्याच्यापासून हातभर पुढं छोटी बेडकी किंवा रबरी बेडूक टाकून गवताच्या कडेनं हळूहळू ओढायचा, तो असा झडप घालतो की बेसावध असाल तर काठी हातातून जाते. गांडूळ लावलं तर बारकी शिंगटी, मागूर, कधी वाम. जुन्या लोकांचा गळाचा तरंगा ज्वारीच्या धांड्याच्या पेराचा असतो, फुकटचा, आणि दुकानातल्या प्लास्टिकवाल्यापेक्षा काही कमी नाही.

ट्राऊटचा खेळ यापेक्षा नाजूक. तो धारेकडं तोंड करून मोठ्या गोट्याच्या आडोशाला उभा असतो, वरून काय वाहून येते ते पाहात. त्याला तुमची सावली दिसली की संपलं. हलका रॉड, बारीक लाईन, छोटा स्पिनर (पाण्यात फिरणारं चकचकीत आमिष) किंवा फ्लाय (नकली माशी), आणि घसरड्या गोट्यांवर पाय रोवून उभं राहायची तयारी पाहिजे. मरळ मारणाऱ्याला तिथं पहिल्या दिवशी काहीच लागलं नाही तर नवल नाही, काहून की थांबलेलं पाणी वाचायची सवय वेगळी अन् धार वाचायची वेगळी.

खर्चाचं बोलायचं तर तुलनाच नाही. नागपूरहून दिल्ली, दिल्लीहून मनालीची बस, औटला उतरून बंजार, मग गुशैनी, वरून होमस्टे, लायसन्स. लायसन्स घ्याच, तिकडं नियम पाळतात. त्या नदीवर वीज प्रकल्प नको म्हणून गावकरी कोर्टापर्यंत लढले, म्हणून ती आजही मोकळी वाहते, तिथं जाऊन फुकटेपणा बरा नाही. आणि खाली लारजीजवळ, जिथं ती बियासला मिळते, तिथं पाण्यात उतरू नका. 2014 मध्ये लारजी धरणाचं पाणी अचानक सुटलं अन् हैदराबादचे विद्यार्थी वाहून गेले होते.

नाल्याला तिकीट नाही, पण आपलं समजून कुठंही गळ टाकता येत नाही. मामा तलाव, म्हणजे जुने मालगुजारी तलाव, बहुतेक मच्छीमार संस्थांकडं ठेक्यानं असतात, तिथल्या माशावर ढिवर बांधवांचं पोट आहे, विचारल्याशिवाय बसू नका. नवेगाव-नागझिरा व्याघ्र प्रकल्पाच्या हद्दीत तर जायचंच नाही. करंट लावून किंवा विषारी पावडर टाकून मासे मारणाऱ्यांच्या नादी लागाल तर पुढच्या वर्षी नाल्यात फक्त पाणी राहील. पावसाळ्यात लालसर पिल्लांचा झुबका वर तरंगताना दिसला तर त्याच्याखाली मरळची जोडी राखण करत असते, ती जोडी मारली की पिल्लं दुसऱ्यांच्या पोटात गेली म्हणून समजा, तेवढं सोडून द्या.

चवीला दोन्ही कमी काट्याचे. ट्राऊट तव्यावर मीठ-लिंबू लावून छान लागतो हे मान्य, पण मरळचा तर्रीदार रस्सा आणि गरम भात समोर असला तर मी तरी ट्राऊटकडं पाहणार नाही, आता याला पक्षपात म्हणा.

खरा निकाल सुट्टी कधी आहे यावरच लागतो. हिमाचलमध्ये 1 नोव्हेंबर ते फेब्रुवारीअखेर ट्राऊट बंद, त्याचा विणीचा काळ असतो. म्हणजे नोव्हेंबरातल्या दिवाळीत निघालात तर नदी पाहून परत याल, आणि नेमका तेव्हाच आपला नाला निवळलेला, काठ सुकलेले, मासा भुकेला. उलट मे महिन्यात नाल्यात डबकी उरतात, वर पंचेचाळीस डिग्री ऊन, तेव्हा खुशाल तीर्थन गाठा. ऑक्टोबरही चालतो तिकडं. जुलै-ऑगस्टमध्ये मात्र दोन्हीकडं पाणी चढलेलं असते, तेव्हा रोवणी चालू असेल तर बांधीत जा, घरचे तरी खूश राहतील.