ई-कोर्ट्स ॲप: पुढची नाही, मागची तारीख बघा

सामाईक जागेत चुलतदिरांनी जोत्याचं काम काढलं म्हणून आम्ही दावा लावला. सोबत बांधकाम थांबवायला तात्पुरत्या मनाईचा अर्ज, कोर्टाच्या बोलीत निशाणी 5. एकतर्फी, म्हणजे समोरच्यांना न ऐकता, मनाई मिळाली नाही, आधी समोरच्यांना नोटीस काढा असा हुकूम झाला. मग चार तारखा गेल्या. दर वेळी वकिलांचे क्लार्क फोनवर तेच सांगायचे, "वहिनी, बोर्ड मोठा होता, पुढची घेतली." बोर्ड म्हणजे त्या दिवशीच्या केसेसची यादी. तिकडे जोतं गुडघ्याएवढं झालं.

भाच्याने मोबाईलवर ई-कोर्ट्स हे कोर्टांचं ॲप टाकून दिलं. फुकट आहे. 16 अक्षर-आकड्यांचा सीएनआर नंबर, म्हणजे केसचा ओळख क्रमांक, घातला की आपली केस उघडते. सुरुवातीला मी फक्त पुढची तारीख बघायचे. खरा माल खाली, केस हिस्टरीत आहे. मागच्या कुठल्याही तारखेवर बोट ठेवलं की त्या दिवशी काय झालं त्याची एकदोन ओळींची नोंद दिसते. माझ्या चारही तारखांना एकच ओळ होती: स्टेप्स नॉट टेकन. भाच्याने अर्थ सांगितला, "मामी, आपणच काही केलेलं नाही."

क्लार्कना खोदून विचारलं. नोटिशीचा भत्ताच, म्हणजे ती बजावण्याचा खर्च, भरला नव्हता! भत्ता नाही म्हणून नोटीस नाही, नोटीस नाही म्हणून सुनावणी नाही. आणि मी चार महिने न्यायाधीशांच्या नावाने खडे फोडत होते.

दुसऱ्याच दिवशी भत्ता भरला. तारीख अलीकडे घेण्याचा अर्ज दिला, त्याला वाढत्या जोत्याचे तारीखवार फोटो जोडले. नोटीस हमदस्त, म्हणजे स्वतः नेऊन द्यायला, मागून घेतली आणि पोचेवर सही होईपर्यंत त्यांच्या ओट्यावर उभी राहिले. जाऊबाईंनी बससुद्धा म्हटलं नाही. पुढच्या तारखेला त्यांनी म्हणणं, म्हणजे लेखी उत्तर, द्यायला मुदत मागितली. वकिलांनी हरकत घेतली, मुदत द्यायचीच तर तोवर 'जैसे थे' ठेवा म्हणाले, आणि तसा हुकूम झाला. बांधकाम थांबल्यावर मात्र समोरच्यांना मुदतीची गरज उरली नाही, म्हणणं आठ दिवसांत आलं.

मनाईच्या अर्जाचा '30 दिवसांत निकाल' असं ऐकून कुणी माझ्यासारखं बोटं मोजत बसू नका. दिवाणी प्रक्रिया संहितेतला तो नियम (आदेश 39, नियम 3-अ) नोटिशीशिवाय मनाई दिली असेल तेव्हाचा आहे, आणि तिथेही कोर्टाने तसा प्रयत्न करावा एवढंच म्हटलंय.

ॲप काही अर्ज चालवत नाही. पण क्लार्कना आता "काय झालं?" असं विचारावं लागत नाही, "स्टेप्स का घेतल्या नाहीत?" असं विचारता येतं. त्यांचा आवाजही बदललाय.

दाव्याच्या निकालापर्यंत मनाई मिळाली. त्यांनी वर अपील केलंय. त्याचा सीएनआर ॲपमधल्या 'माय केसेस' यादीत टाकून ठेवलाय, या वेळी पहिल्याच दिवशी.