सीलबंद खोक्यात चोरीची कॉपी: 'के-240' घेताना माझी झालेली फसवणूक

अमिगा या जुन्या घरगुती संगणकाचे गेम मूळ खोक्यासकट विकत घेणाऱ्यांसाठी हे लिहितोय, त्यातही 'के-240' शोधणाऱ्यांसाठी. ग्रेमलिन ग्राफिक्सचा हा 1994 चा गेम फक्त अमिगावर आला. ओसाड लघुग्रहावर वसाहत उभी करायची, खाणी खोदायच्या, खनिज विकून आलेल्या पैशातून नवे आराखडे घ्यायचे, आणि हे चालू असताना परग्रहवासी चालून येतात ते वेगळंच. लघुग्रहालाच इंजिनं बसवून तो शत्रूच्या लघुग्रहावर नेऊन आदळता येतो. ज्यांनी तो खेळलाय त्यांचा जीव या गेमवर असतो, आणि विकणाऱ्यांना ते पक्कं ठाऊक असतं.

मला एका ऑनलाइन विक्रेत्याकडे खोकं दिसलं. 'कारखान्याचं सील, कधीच न उघडलेलं.' फोटो छान, बोलणं गोड. पैसे पोचल्यावर त्याचा निरोप आला: सील फोडू नका, फोडलंत की वस्तूची किंमत उतरेल, आणि फोडलेला माल मी परत घेत नाही. सगळी मेख याच वाक्यात होती. सील शाबूत आहे तोवर आत काय आहे ते कोणी बघत नाही, आणि सील तुटलं की तक्रारीचा रस्ता बंद. खोक्यावर प्लॅस्टिक गुंडाळून गरम हवेनं आवळायला साधं यंत्र पुरतं, ते कोणालाही विकत मिळतं. म्हणून नुसत्या सीलवरून काहीही सिद्ध होत नाही.

मला गेम खेळायचा होता आणि डिस्क नासण्याआधी तिची प्रत जपून ठेवायची होती, म्हणून मी सील उघडलं. अमिगात डिस्क घातली. काळा पडदा, रंगीत पट्ट्या, कर्कश संगीत, आणि खालून सरकत जाणारा मजकूर: एका क्रॅकिंग टोळीचं नाव आणि त्यांच्या दोस्तांना सलाम. पुढे प्रश्न, गेममध्ये अमर्याद पैसे हवेत का? गेमची कॉपी होऊ नये म्हणून घातलेलं संरक्षण तोडणारी मंडळी त्या काळी आपली ही सही पुढे जोडून प्रती वाटत असत. कंपनीच्या डिस्कवर हे असणं शक्यच नाही. ज्याला मी कारखान्याचा माल म्हणून पैसे मोजले, ती चोरीची कॉपी होती.

मग डिस्क नीट पाहिली. अमिगाची फ्लॉपी डबल डेन्सिटी असते, तिच्यात 880 किलोबाइट मावतात, आणि कोपऱ्यात एकच भोक असतं, रायटिंग रोखण्याचं. माझ्या डिस्कला दुसऱ्या कोपऱ्यातही भोक होतं, आणि त्यावर लेबलची कड दुमडून चिकटवली होती. म्हणजे ती पीसीची 1.44 मेगाबाइटवाली हाय डेन्सिटी फ्लॉपी. ते भोक झाकलं की ड्राइव्ह तिला डबल डेन्सिटी समजून लिहितो, पण तिचा चुंबकीय लेप वेगळा असल्यानं लिहिलेलं भरवशानं टिकत नाही. लेबल भिंगाखाली धरलं तर घरगुती इंकजेटचे विखुरलेले ठिपके दिसले. छापखान्यातल्या ऑफसेट छपाईत ठिपके ओळीनं, ठरावीक नक्षीत बसतात.

विक्रेत्याला सगळे फोटो पाठवले. उत्तर आलं, 'डिस्क तुम्हीच बदलली असेल.' ज्या साइटवरून घेतलं तिच्याकडे तक्रार केली तर तिथेही तेच ऐकवलं, की उघडलेल्या मालाची जबाबदारी घेता येत नाही. पैसे गेले ते गेलेच. असा राग मला क्वचितच येतो, कारण हा धंदा जुन्या गेमवर मनापासून प्रेम करणाऱ्यांच्याच जिवावर चालतो. 2022 मध्ये जुन्या पीसी गेमच्या संग्राहकांतही बनावट मालाचं मोठं प्रकरण बाहेर आलं होतं. तिथेही छपाईतल्या फरकांवरूनच शंका घेतली गेली.

तेव्हा घेणार असाल तर उघडलेलं खोकंच घ्या. डिस्कच्या दोन्ही बाजूंचे, दोन्ही वरचे कोपरे दिसतील असे फोटो मागा, आणि गेम सुरू होतानाचा व्हिडिओही. सीलबंदच घ्यायचं असेल तर पार्सल फोडण्यापासून गेम चालू होईपर्यंत एकसलग चित्रीकरण करा, तक्रारीची मुदत आधी वाचा. डिस्कवर रीड एरर आली म्हणून लगेच विक्रेत्याला चोर ठरवू नका, अस्सल डिस्कांनाही बुरशी लागते. ग्रीझवीझल बोर्डाने (फ्लॉपी ड्राइव्ह आजच्या संगणकाला जोडून डिस्कवरचे मूळ चुंबकीय संकेत वाचणारं छोटं सर्किट) डिस्क वाचून पाहिलीत तर मूळ संरक्षण जागेवर आहे का याचा अंदाज येतो. आणि फक्त खेळायचंच असेल तर याच धाटणीचा 1996 चा 'फ्रॅजाइल अलीजन्स' पीसीसाठी आजही अधिकृतपणे डाउनलोड करून मिळतो, त्यासाठी खोक्याच्या मागे जायची गरज नाही.

मला विकलेल्या खोक्याचे फोटो नंतर दुसऱ्या विक्रेत्याच्या नावाने पुन्हा झळकले. वरच्या डाव्या कोपऱ्यात चेपलेलं, प्लॅस्टिकची शिवण मागच्या बाजूला मधोमध वाकडी. असं खोकं दिसलं तर फोटो चित्रशोधात टाकून बघा, आणि पैसे भरू नका.