कम्पेंडिअस की कन्साइस? ‘थोडक्यात’साठी नेमकं इंग्रजी विशेषण निवडताना

हजार पानी ग्रंथाचं इंग्रजीत कौतुक करायचं झालं की काही जण हमखास ‘कम्पेंडिअस’ हे विशेषण लावतात. मनात असतं, ‘केवढा मोठा, सगळं सामावलेला!’ यातलं अर्धंच बरोबर आहे. कम्पेंडिअस म्हणजे सगळं सामावलेलं, पण आटोपशीर. दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या असल्या तरच हा शब्द लागतो. ग्रंथ जाडजूड असेल तर तो ‘कॉम्प्रिहेन्सिव’ किंवा ‘एक्झॉस्टिव’; कम्पेंडिअस नव्हे.

ही चूक होण्यामागे कारण आहे. आपल्याकडे सरकारी कार्यालयांत ‘कम्पेंडियम’ म्हटलं की परिपत्रकांचं किंवा शासन निर्णयांचं उशीएवढं बाड डोळ्यांपुढे येतं. नाम असं फुगलेलं पाहिलं की विशेषणही फुगलेलंच वाटतं. शब्दाचं कूळ मात्र काटकसरीचं आहे. लॅटिनमध्ये ‘पेंडेरे’ म्हणजे तोलणं, आणि ‘कम्पेंडियम’ म्हणजे एकत्र तोलल्यामुळे झालेली बचत. त्यावरूनच त्याला ‘जवळची वाट’ असाही अर्थ आला. ‘डिस्पेंडियम’ हा त्याचा विरुद्ध शब्द: खर्च, नुकसान. जवळची वाट लांबीला कमी असते, पण पोचवते मुक्कामालाच. अर्ध्यात सोडणाऱ्या वाटेला जवळची वाट कोणी म्हणत नाही. कम्पेंडिअसचा सगळा अर्थ या एका चित्रात आहे.

नोआ वेब्स्टरने १८०६ साली अमेरिकेत काढलेल्या इंग्रजी कोशाच्या नावात हा शब्द आहे. सुमारे ३७ हजार शब्द, मोजक्या शब्दांतल्या व्याख्या, आणि मागे चलन, वजनमापं, टपाल कचेऱ्या यांचे तक्ते, असा तो एका खंडाचा ऐवज होता. त्याच वेब्स्टरचा १८२८ चा कोश दोन खंडांचा आणि सुमारे ७० हजार शब्दांचा. त्याच्या नावात कम्पेंडिअस नाही. मराठीतही याचं जवळचं उदाहरण आहे. मोल्सवर्थच्या मराठी-इंग्रजी कोशाची भारदस्त दुसरी आवृत्ती १८५७ ची. बाबा पदमनजींनी त्यावरून बेतलेला लहान कोश १८६३ चा, आणि त्याच्या नावात ‘कम्पेंडियम’ आहे. मोठ्याला डिक्शनरी आणि आटोपशीरला कम्पेंडियम, हा फरक इथे चोख पाळलेला दिसतो. नवव्या शतकात अल्-ख्वारिज्मीने बीजगणितावर लिहिलेल्या ज्या पुस्तकाला इंग्रजीत कम्पेंडिअस म्हणतात, त्याच्या मूळ अरबी नावात ‘मुख्तसर’, म्हणजे थोडक्यात, हा शब्द आहे. गझला ऐकणाऱ्यांना हा शब्द सांगावा लागणार नाही.

काय गाळलं, ते विचारा

थोडकेपणाची इंग्रजी विशेषणं कोशात एकमेकांच्या अर्थात फिरत राहतात, म्हणून नुसता कोश पाहून निवड होत नाही. त्यापेक्षा प्रत्येक शब्दाला विचारावं: आखूड करताना काय गाळलं?

‘कन्साइस’मध्ये फालतू शब्द गाळलेले असतात, मजकूर शाबूत असतो. ‘अब्रिज्ड’मध्ये मजकूरच गाळलेला असतो, एखादं प्रकरण, एखादं उपकथानक गेलेलं असतं. कम्पेंडिअसमध्ये तपशील गाळलेला असतो, पण विषयाचं एकही अंग सुटलेलं नसतं. ‘टर्स’मध्ये सौजन्याची वाक्यंही जातात, ‘कर्ट’मध्ये सौजन्यच जातं. ‘लॅकॉनिक’मध्ये अर्थाचा एक तुकडा मुद्दाम गाळून ऐकणाऱ्यावर सोपवलेला असतो.

आपल्याकडे सूत्राचं जे पारंपरिक लक्षण सांगतात, ते इथे विलक्षण उपयोगी पडतं: अल्पाक्षर, असंदिग्ध, सारवत्, विश्वतोमुख, अस्तोभ, अनवद्य (निर्दोष). यातलं ‘अस्तोभ’ म्हणजे कन्साइस. सामगायनात ‘हाउ’सारखी जी बिनअर्थाची अक्षरं घालतात त्यांना स्तोभ म्हणतात, आपल्या बोलण्यातले ‘म्हणजे काय आहे की’ आणि ‘ॲक्च्युअली’ हेही स्तोभच. ‘सारवत्’ म्हणजे पिथी, थोडक्या शब्दांत गाभा सांगणारं. आणि ‘अल्पाक्षर’ला ‘विश्वतोमुख’ जोडलं, म्हणजे अक्षरं थोडी पण तोंड सगळ्या दिशांना, की कम्पेंडिअस होतं. संस्कृतवरून इंग्रजीत अनुवाद करणाऱ्याने सूत्रग्रंथाला कन्साइस म्हटलं तर चूक नाही, पण त्यात निम्मं मोल हरवतं. पाणिनीने सुमारे ४ हजार सूत्रांत अख्ख्या भाषेचं व्याकरण बसवलं. तिथे कम्पेंडिअस हाच शब्द हवा.

एकच नोटीस, सहा तऱ्हा

फरक हाताला लागायला सोसायटीच्या फलकावरची नोटीस घेऊ.

‘सर्व सभासदांना कळविण्यात येते की, आपल्या सोसायटीच्या गच्चीवरील व तळातील पाण्याच्या टाक्यांची साफसफाई करण्याचे ठरले असून त्या कारणाने दिनांक १२ रोजी, बुधवारी, सकाळी १० वाजल्यापासून ते दुपारी ४ वाजेपर्यंत पाणीपुरवठा पूर्णपणे बंद ठेवण्यात येणार आहे, तरी सर्वांनी याची कृपया नोंद घ्यावी व सहकार्य करावे.’

हे ४४ शब्द झाले. आता: ‘दोन्ही टाक्यांच्या सफाईसाठी बुधवारी, १२ तारखेला सकाळी १० ते दुपारी ४ पाणी बंद राहील.’ शब्द १४. कारण, वार, तारीख, वेळ, सगळं जागेवर. हे कन्साइस.

‘बुधवार, १२. १० ते ४ पाणी बंद.’ हे टर्स. काम भागतं, पण कारण गेलं आणि सूर कोरडा झाला.

कुणी सेक्रेटरींना विचारलं, ‘अहो, उद्या पाणी कधी जाणार?’ आणि उत्तर आलं, ‘फलक लावलाय. वाचा.’ हे कर्ट. यातही शब्द थोडेच आहेत, पण ऐकणाऱ्याला लागतात.

दुपारी दोनला जिन्यात कुणी म्हटलं, ‘पाणी आलं का हो?’ ‘चारला.’ हे लॅकॉनिक. ‘नाही आलं, येईल, चारला येईल’ एवढं सगळं त्या एका शब्दात आहे आणि ऐकणारा ते आपलं आपण भरून घेतो. यात राग नाही, म्हणून हे कर्टही नाही.

‘आज भराल तर उद्या वापराल.’ हे पिथी. यात वेळ नाही, तारीख नाही. गाभा तेवढा आहे, आणि तो लक्षात राहतो.

कम्पेंडिअस मात्र या नोटिशीचं रूपच होऊ शकत नाही. त्यासाठी वेगळा कागद लागेल: सोसायटीच्या पाण्याबद्दलचं सगळं एका पानावर. पालिकेचं पाणी किती वाजता येतं, तळटाकी आणि गच्चीवरची टाकी किती लिटरची, पंप कोण आणि कधी चालवतो, सफाई कोणत्या महिन्यांत, टँकरवाल्याचा नंबर, गळती दिसली तर कुणाला सांगायचं, बिल कसं वाटलं जातं. प्रत्येकावर एकेक ओळ. नव्याने राहायला आलेल्या कुटुंबाने तेवढं पान वाचलं की त्यांना पाण्याबद्दल दुसरं काही विचारावं लागू नये. एकच निरोप कितीही नेटका केला तरी तो कम्पेंडिअस होत नाही. त्याला मुळात अनेक अंगांचा विषय लागतो. म्हणूनच इंग्रजीत हे विशेषण ‘हिस्टरी’, ‘सर्व्हे’, ‘गाइड’, ‘अकाउंट’ अशा नामांआधी येतं. ईमेलला, भाषणाला, माणसाला ते लावू नये.

बाकीच्यांच्या खोड्या

‘सक्सिंक्ट’ हा या घरातला सगळ्यात गुणी शब्द. मूळ लॅटिन अर्थ ‘वर खोचलेला’, म्हणजे मराठीत अक्षरशः पदर खोचून कामाला लागलेला. कन्साइसपेक्षा त्यात स्पष्टपणाचं कौतुक थोडं जास्त आहे. कुणाच्या उत्तराची, सादरीकरणाची, निकालपत्राची स्तुती करायची तर हाच घ्या. उच्चार ‘सक्सिंक्ट’, ‘सस्सिंक्ट’ही कानावर येतो, पण पहिला निर्धोक. तसंच कन्साइसच्या शेवटी ‘स’ आहे, ‘ज’ नाही. कम्पेंडिअसमध्ये जोर ‘पें’वर.

‘टर्स’चा मूळ अर्थ ‘पुसून लख्ख केलेलं’. सूत्रलक्षणातल्या ‘अनवद्य’च्या जवळचा. साहित्यसमीक्षेत ‘टर्स प्रोज’ ही आजही स्तुती आहे. पण माणसाला किंवा त्याच्या ईमेलला टर्स म्हटलं की तक्रार होते. शिफारसपत्रात विद्यार्थ्याबद्दल ‘टर्स’ लिहिलं तर वाचणारा ‘हा जरा तुसडा दिसतो’ असं समजेल आणि नुकसान त्या मुलाचं होईल. तिथे ‘सक्सिंक्ट’ लिहा.

‘लॅकॉनिक’ हे प्राचीन ग्रीसमधल्या स्पार्टाच्या लॅकोनिया या मुलखावरून आलं. मॅसिडोनियाच्या दुसऱ्या फिलिपने धमकी पाठवली की लॅकोनियात शिरलो तर तुमची धडगत नाही. उत्तर गेलं एका शब्दाचं: ‘जर.’ प्लुटार्कने नोंदवलेली ही गोष्ट शब्दाचा स्वभाव नेमका दाखवते. लॅकॉनिक माणूस असतो, उत्तर असतं, विनोद असतो. अहवाल लॅकॉनिक असला तर त्यात काहीतरी कमी आहे.

‘पिथ’ म्हणजे खोडातला मऊ गाभा. बाशिंगांसाठी वापरतात ते भेंड याच जातीचं. मराठी मनाला भेंड हलकं, पोकळ वाटतं, म्हणून इशारा: इंग्रजीत पिथचा अर्थ सत्त्व, मगज असाच आहे.

सगळ्यात फसवा ‘सेंटेन्शस’. जुन्या इंग्रजीत तो अर्थगर्भ, सुभाषितवजा बोलण्यासाठी होता. आज तो उपदेशाचे डोस पाजणाऱ्यासाठी वापरतात. जुना कोश पाहून कुणाच्या वाणीला सेंटेन्शस म्हणाल तर स्तुती करायला जाऊन निंदा कराल.

‘प्रिसाइस’चा तर लांबीशी काही संबंधच नाही. शाळेत ‘प्रेसी’ लिहायला शिकवतात, उतारा एक तृतीयांश करायला लावतात, त्यामुळे प्रिसाइस म्हणजे आखूड असं डोक्यात बसतं. ‘तीन वाजून सतरा मिनिटांनी’ हे प्रिसाइस, ‘तीनच्या सुमारास’ हे नाही. आणि आखूड आहे ते दुसरं.

‘समरी’ विशेषण म्हणून आलं तर सावध. कोर्टातली ‘समरी ट्रायल’ म्हणजे थोडक्यात सांगितलेला खटला नव्हे, कार्यपद्धती आखूड केलेला खटला. ‘समरी डिस्मिसल’ म्हणजे नोटीस न देता तडकाफडकी काढून टाकणं.

राहिले ‘ब्रेव्हिलोक्वंट’ आणि ‘पॉसिलोक्वंट’. दोन्हींचा अर्थ मितभाषी. शब्दकोड्यासाठी ठेवा. वाचणाऱ्याला कोश उघडायला लावून थोडकेपणाची स्तुती करण्यात हशील नाही.

मग कम्पेंडिअस वापरायचा का?

कायद्याच्या लिखाणात तो अजून ठणठणीत आहे आणि तिथे त्याला पर्याय शोधू नये. भागीदारी संस्थेला स्वतःचं वेगळं कायदेशीर अस्तित्व नसतं. संस्थेचं नाव हे सगळ्या भागीदारांना मिळून लावलेलं ‘कम्पेंडिअस नेम’ असतं. १९३२ च्या भारतीय भागीदारी कायद्याच्या कलम ४ मधली रचना तीच आहे: एकेकटे ते भागीदार, सगळे मिळून फर्म. दाव्यात पाच नावांऐवजी एक नाव लिहिलं, तरी पाचांपैकी एकही सुटत नाही. आखूडही झालं आणि सगळं आतही आलं. निकालपत्रात ‘कम्पेंडिअस एक्स्प्रेशन’ दिसलं तर त्याचं भाषांतर ‘संक्षिप्त शब्दप्रयोग’ करू नका, अर्थ हरवेल. ‘सर्वसमावेशक संज्ञा’ म्हणा.

औषधनिर्मितीत काम करणाऱ्यांनी एक गफलत टाळावी. तिथला शब्द ‘कम्पेंडिअल’ आहे, म्हणजे फार्माकोपियात, औषधांच्या अधिकृत मानकांच्या ग्रंथात, नोंदलेला: कम्पेंडिअल मेथड, कम्पेंडिअल स्टँडर्ड. त्याला आखूडपणाशी काही देणंघेणं नाही. अहवालात शब्दाच्या शेवटच्या अक्षरांची चूक झाली की प्रमाणित चाचणीपद्धत ‘आटोपशीर चाचणीपद्धत’ होते.

एरवीच्या लिखाणात दोन प्रश्न विचारा. विषयाची सगळी अंगं आली आहेत का? आणि आकार खरंच लहान आहे का? दोन्हींना ‘हो’ असेल आणि वाचक मुरलेला असेल, तर कम्पेंडिअस बिनधास्त लिहा. एवढं दुसरा कुठलाच एक शब्द सांगत नाही. एकालाही ‘नाही’ असेल तर खोडा: अंगं सुटली असतील पण भाषा नेटकी असेल तर कन्साइस, आकार मोठा असेल तर कॉम्प्रिहेन्सिव. दोन्ही ‘हो’ असून वाचक सर्वसाधारण असेल, तर मात्र ‘शॉर्ट बट कम्प्लीट’ लिहावं. अनेक वाचक ज्याचा अर्थ उलटा घेतील, असा शब्द पुस्तकाच्या मलपृष्ठावर टाकणं लेखकाला महागात पडू शकतं. ‘व्हेरी कम्पेंडिअस’ आणि ‘ब्रीफ अँड कम्पेंडिअस’ कुठेच नको. थोडकेपणा आधीच आत आहे.

उलट दिशेने, म्हणजे इंग्रजीतून मराठीत येताना, ‘संक्षिप्त’वर भागवू नये, कारण काटछाट केलेल्या आवृत्तीवरही आपण तोच शब्द छापतो. ‘त्रोटक’ तर दोषच सांगतो. ‘सुटसुटीत’मध्ये आकार आहे, व्याप नाही, ‘साद्यंत’मध्ये व्याप आहे, पण तो लांबीची भीती घालतो. दोन शब्द खर्चावेत: ‘आटोपशीर पण सर्वांगीण’. पुस्तकाच्या नावात बसवायचं असेल तर ‘सारसंग्रह’.