तलावात पिंजऱ्याचा पार्टनर व्हायच्या आधी हे वाचा

सांगलीकडं कवठेमहांकाळ, जत, आटपाडी भागात म्हैसाळ-टेंभू उपसा सिंचन योजनांचं पाणी तलावांत यायला लागल्यापासून जो तो मत्स्यपालनाची भाषा करतोय, म्हणून माझं काय झालं ते लिहितो. तलावाचं, माणसाचं नाव टाकत नाही, प्रकरण चालू आहे.

पाहुण्यानं एकाची गाठ घालून दिली. तो म्हणाला, तलावाचा ठेका आमच्या मच्छिमार संस्थेकडं, त्यात मासे वाढवायचे सहा बाय चार मीटरचे जाळीचे पिंजरे टाकायचे, चार पिंजरे तुमच्या वाट्याला, तिलापिया मासा सोडायचा, वर प्रधानमंत्री मत्स्यसंपदा योजनेतनं 40 टक्के सबसिडी, वहिनींच्या नावावर केलं तर 60. आता योजना खरी, टक्के पण खरे, मी मोबाईलवर बघितलं ना, तिथंच पाघळलो.

पाटबंधारेची परवानगी आहे का म्हणून विचारलं तर त्यानं पिशवीतनं झेरॉक्स काढली, वर साहेबांचं पद, खाली गोल शिक्का, तारीख, नंबर. मी खूश. तो कागद परवानगी नव्हताच ओ! परवानगी मागायला संस्थेनं दिलेला अर्ज होता आणि शिक्का आवकचा. ऑफिसात काय पण लिहून द्या, आवकचा क्लार्क शिक्का मारतोच. परवानगी असली की ती ऑफिसच्या लेटरहेडवर असते, जावक क्रमांक असतो, साहेबांची सही असते आणि खाली पानभर अटी. हे मला, डिप्लोमा झालेल्या माणसाला, आठ महिन्यांनी कळलं.

500 च्या स्टँपवर करार, नोटरी, 2 लाख 80 हजार दिले, त्यातले दीड लाख बायकोच्या पाटल्या गहाण ठेवून. खाद्याचा खर्च वेगळा.

हिवाळा बरा गेला. एप्रिलात उन्हाळी आवर्तन, म्हणजे शेतीला तलावातनं पाणी, सुटलं आणि तलाव डोळ्यादेखत खाली जायला लागला. पिंजऱ्याची जाळी चार मीटर खोल, आमच्या जागेवर एकूण पाणीच उरलं दोन-अडीच मीटर, मग काय, जाळीचा तळ चिखलात बसला. पहाटे ऑक्सिजन सगळ्यात कमी असतो, गेलो तर सगळे मासे तोंड वर काढून आ वासतायत. तीन दिवसांत पांढरी पोटं वर. वास इतका की शेजारच्या मळ्यातली माणसं भांडायला आली.

पाटबंधारेच्या ऑफिसात जाऊन पाणी बंद करा म्हणून ओरडलो, तिथं ऊसवाले आठ-दहा जण पाळी कधी म्हणून बसलेले, त्यांनी माझ्याकडं कसं बघितलं असेल विचार करा. साहेब शांतपणे म्हणाले, तलाव आमचा, पाणी आधी प्यायला आणि शेतीला, मत्स्यव्यवसाय विभागाचा ठेका मासे धरायचा असतो, पाणी धरून ठेवायचा नाही, आणि त्यात तुमचं नाव कुठंय?

मग 10 रुपयांचं तिकीट लावून माहिती अधिकारात ठेक्याचा करारनामा काढला. पोटठेका, म्हणजे ठेका पुढं दुसऱ्याला, देता येणार नाही. पाणी उतरल्यानं नुकसान झालं तर भरपाई नाही. पिंजऱ्याला वेगळी परवानगी. म्हणजे मी नोटरी केलेला कागद हाच पोटठेक्याचा पुरावा, वकील म्हणाले हा घेऊन खात्याकडं भरपाई मागायला जाऊ पण नका, फसवणुकीचीच तक्रार करा, आता 420 नाही, भारतीय न्याय संहितेचं 318 लागतं. सबसिडीचा तर अर्जच कुणी केला नव्हता.

कुणी पार्टनर व्हा म्हणत असेल तर पैसे द्यायच्या आधी मत्स्यव्यवसायच्या जिल्हा ऑफिसात ठेका कुणाच्या नावावर आणि कधीपर्यंत ते विचारा, आणि पाटबंधारेच्या शाखेत मागच्या चार-पाच वर्षांतल्या मे महिन्याच्या पाणीपातळ्या मागा, त्यांच्याकडं नोंद असते. मी भरलेला तलाव बघितला तो ऑक्टोबरातला.

पोलिसांनी आधी दिवाणी मॅटर म्हणून परत पाठवलं. दुसऱ्यांदा लेखी अर्ज घेतला, माझ्या कॉपीवर आवकचा शिक्का मारून दिलाय.