दोन रने : आधी कोणता?

फ्रेंच दिग्दर्शक लुई फ्योयादच्या मूकपट-मालिका बघायच्या आहेत, पण प्रत्येकी पाच-साडेपाच तास काढायचे तर एकीचीच तयारी आहे, असं असेल तर निवड रने नाव्हार आणि रने क्रेस्ते या दोघांत करावी लागते. दोघेही गोमाँ कंपनीचे नट, दोघांनाही एकेका भूमिकेनं नाव दिलं, आणि आज दोघांचंही नाव सहसा निघत नाही.

क्रेस्तेचा 'झ्युदेक्स' (१९१७) दिसायला जास्त देखणा. आधीच्या मालिकांत गुन्हेगारांना डोक्यावर घेतल्याची ओरड झाली होती, म्हणून इथे काळा झगा पांघरलेला न्यायी नायक. लबाड बँकरचा सूड घ्यायला निघालेला आणि त्याच्याच मुलीवर जीव जडलेला. माणूस रुबाबदार, वादच नाही. पण माझं घोडं तिथेच अडलं. हा येतो, झगा सावरतो, लांब कुठेतरी बघत उभा राहतो. पुढच्या भागात पुन्हा तेच. तोवर खलनायिका झालेली म्युझिदोरा चार कारस्थानं करून मोकळी, आणि मार्सेल लेव्हेक भित्रा गुप्तहेर होऊन सगळा हशा घेऊन जातो. नायक पडद्यावर आला की मी खुशाल चहा टाकायला उठायचो.

नाव्हारच्या 'फाँतोमास'मध्ये (१९१३-१४, पाच चित्रपट) ती सोय नाही. आरंभीच या बहुरूपी गुन्हेगाराचा चेहरा एका वेषातून दुसऱ्यात विरघळताना दाखवतात. मग खोलीत शिरणाऱ्या प्रत्येक दाढीवाल्यावर आपला संशय. दुसऱ्या चित्रपटात इन्स्पेक्टर झ्यूव्ह आणि पत्रकार फाँदोर त्याला दोन्हीकडून दंडाला धरतात. तो निसटतो, आणि यांच्या हातात राहतात नुसते खोटे हात! तिसऱ्यात तर तो प्रेताच्या हाताची कातडी मोज्यासारखी चढवून मेलेल्याचे ठसे मागे ठेवतो. कथानक मध्येच उड्या मारतं, पाचव्यातले काही तुकडे हरवलेत, तिथे मजकुराच्या पाट्यांवर भागवावं लागतं. मला तरी ते चाललं.

नट आवडला तर पुढे काय, हेही बघावं. क्रेस्ते १९२२ मध्ये, चाळिशी जेमतेम ओलांडून गेला. नाव्हारनं १९१९ मध्ये लेखक गास्ताँ लेरूबरोबर सिनेरोमाँ ही कंपनी काढली, आणि १९२७ च्या 'बेल्फेगोर'मध्ये चोराचा चक्क हेर झाला.

सोबत लहान मुलं बसणार असतील तर क्रेस्ते घ्या, त्यात एक वांड पोरगाही आहे. एकटेच असाल तर नाव्हार. वेळ अगदीच कमी असेल, तर थेट दुसऱ्या चित्रपटापासून सुरुवात केलीत तरी फार बिघडणार नाही.