चित्र ताणायचं की नजर रुंदावायची? जुने गेम आणि नवी स्क्रीन

नव्या लॅपटॉपवर जीटीए: व्हाइस सिटी हा जुना गेम चालू करा आणि खाली डाव्या कोपऱ्यातलं रडार (छोटा नकाशा) बघा. गोल दिसतंय की अंड्यासारखं? अंड्यासारखं असेल तर गेमचा नायक टॉमीही आडवा सुटलेला असणार आणि गाड्याही बसक्या झालेल्या असणार. डोळ्याला सवय होते म्हणून ते जाणवत नाही, एवढंच.

हा गेम पीसीवर २००३ मध्ये आला. तेव्हा सायबर कॅफेत तासाचे पैसे मोजून आपण ज्या ढेरपोट्या मॉनिटरसमोर बसायचो, त्याच्या काचेचं रुंदी-उंचीचं प्रमाण ४:३ होतं. ६४०×४८०, ८००×६००, १०२४×७६८ हे सगळे रिझोल्यूशनचे (आडवे×उभे पिक्सेल, म्हणजे ठिपके) आकडे त्याच घराण्यातले. आजचा साधा लॅपटॉप १६:९ चा, म्हणजे १९२०×१०८०. उंची तेवढीच धरली तर तो एक तृतीयांशाने जास्त रुंद. त्या जास्तीच्या जागेचं करायचं काय, एवढाच खरा प्रश्न आहे. उत्तरं मात्र पाच आहेत, आणि ज्याला जे जमलं तो तेच ठासून सांगतो. कुणी ग्राफिक्स ड्रायव्हरच्या (चित्र काढणारी चिप चालवणाऱ्या प्रोग्रॅमच्या) सेटिंगमध्ये पाठवतो, कुणी गेमच्या फोल्डरमध्ये डीएलएल (जोड-कोडची फाइल) टाकायला लावतो, कुणी म्हणतो नवी आवृत्ती घेऊन मोकळा हो.

निवड करण्याआधी दुखणं ओळखायला हवं, कारण दोन दुखणी अशी आहेत की त्यांना यातलं एकही औषध लागत नाही.

पहिलं दुखणं विंडोजचं. भाचा लॅपटॉप घेऊन आला, "मामा, यात १०८० येतच नाही." मी ड्रायव्हर काढून पुन्हा टाकला, गेम पुन्हा टाकला, दोन तास गेले. मग गेममधली यादी नीट वाचली. सगळ्यात मोठा आकडा होता १५३६×८६४. हा आकडा कुठे दिसला की थांबा. १९२० ला १.२५ ने भागलं की १५३६ येतात. विंडोजचं स्केलिंग (अक्षरं-चिन्हं मोठी दाखवायचं सेटिंग) १२५ टक्क्यांवर आहे आणि जुन्या गेमला ते कळत नाही, म्हणून विंडोज त्याला लहान स्क्रीन असल्याची थाप मारतं. स्केलिंग १५० टक्के असेल तर हाच आकडा १२८०×७२० होतो. कधी याच कारणाने गेमचा उजवा-खालचा भाग स्क्रीनच्या बाहेर जातो. गेमच्या ईएक्सई फाइलवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, कंपॅटिबिलिटी, मग 'चेंज हाय डीपीआय सेटिंग्ज', तिथे ओव्हरराइडच्या चौकोनात टिक आणि खालच्या यादीत 'ॲप्लिकेशन'. अर्ध्या मिनिटाचं काम. आपण दोन तास घालवले हे मी भाच्याला सांगितलं नाही.

दुसरं दुखणं म्हणजे गेम चालूच न होणं. व्हाइस सिटी उघडताना ६४०×४८० चा व्हिडिओ मोड सापडत नाही असा निरोप येतो, कारण गेम सुरुवातीला तोच मोड मागतो आणि नव्या यंत्रणेकडे तो नसतो. यावर सायलेंटपॅच नावाची दुरुस्ती टाकणं हा सरळ मार्ग. मॉनिटरवर 'आउट ऑफ रेंज' येऊन काळोख झाला असेल तर गेमने स्क्रीनला न झेपणारं रिझोल्यूशन किंवा रिफ्रेश रेट (सेकंदाला किती वेळा चित्र ताजं करायचं तो आकडा) धरलाय. ऑल्ट आणि एंटर दाबून गेम खिडकीत येतो का बघा. नाही आला तर गेमच्या सेटिंगची फाइल दुसरीकडे हलवा, म्हणजे तो पुन्हा मूळ आकड्यांवरून सुरू होईल.

गेम चालतोय, पण चित्र ताणलेलं, धूसर किंवा छोटंसं दिसतंय, असं असेल तर आता तुलना.

ड्रायव्हर की रॅपर

सगळ्यात स्वस्त आणि निरुपद्रवी उपाय ग्राफिक्स ड्रायव्हरमध्येच बसलेला असतो. एनव्हिडियाच्या कंट्रोल पॅनलमध्ये डेस्कटॉपचा आकार आणि जागा ठरवायचं पान आहे. तिथे 'ॲस्पेक्ट रेशो' निवडा, स्केलिंग (इथे चित्राचा आकार बदलणं) जीपीयूने, म्हणजे ग्राफिक्स चिपने, करावं असं सांगा आणि गेमच्या मर्जीवर मात करणाऱ्या चौकोनात टिक करा. एएमडीत 'जीपीयू स्केलिंग' चालू करून 'प्रिझर्व्ह ॲस्पेक्ट रेशो'. इंटेलच्या ग्राफिक्स ॲपमध्येही डिस्प्लेखाली हाच पर्याय सापडतो. चित्र १४४०×१०८० मध्ये बसतं, दोन्ही बाजूंना २४० पिक्सेलचे काळे पट्टे राहतात आणि रडार पुन्हा गोल होतं.

एक गोम आहे. लॅपटॉपवर एनव्हिडियाचं स्टिकर असूनही कंट्रोल पॅनलमध्ये ते पान बऱ्याचदा दिसतच नाही, आणि लोक ड्रायव्हर बिघडला म्हणून डोकं धरतात. अशा लॅपटॉपची स्क्रीन प्रोसेसरमधल्या ग्राफिक्सला जोडलेली असते. एनव्हिडिया चित्र काढून देतं, पण स्क्रीनपर्यंत पोचवणारा हमाल वेगळाच. म्हणून सेटिंग इंटेल किंवा एएमडीच्या ॲपमध्ये शोधायचं.

काळ्या पट्ट्यांबद्दल तक्रार फार असते. "एवढी मोठी स्क्रीन घेतली आणि जागा वाया." माझं मत याच्या उलट आहे. पट्टे म्हणजे गेम जसा बनवला तसा दिसतोय याची पावती. टेबलक्लॉथ टेबलापेक्षा लहान असला तर आपण तो ताणून फाडत नाही.

ड्रायव्हरची खरी मर्यादा वेगळी आहे. तो तयार चित्र मोठं करतो. १०२४×७६८ चं चित्र मोठं केल्यावर ते मऊ, धूसर दिसणारच, पासपोर्ट फोटो फ्लेक्सवर लावल्यासारखं. यावर 'इंटिजर स्केलिंग' हा उतारा २०१९ पासून ड्रायव्हरमध्ये मिळतो: एका पिक्सेलचे पूर्ण पटीत चौकोन करायचे, अपूर्णांक नाही. कडा अगदी धारदार येतात. पण आपल्या स्क्रीनवर हिशेब जुळतो का ते आधी बघा. १०८० भागिले ४८० म्हणजे २.२५, त्यामुळे ६४०×४८० चा गेम दुप्पट होऊन १२८०×९६० वर थांबतो, चारी बाजूंनी थोडी काळी चौकट. हे चालून जातं. ८००×६०० ची मात्र दुप्पटही मावत नाही, गेम मधोमध पोस्टकार्डाएवढा राहतो. गंमत १४४० च्या मॉनिटरची आहे: ४८० चे बरोबर तीन, ७२० चे बरोबर दोन. ज्याला मुख्यतः जुने गेमच खेळायचेत आणि मॉनिटर घ्यायचाच आहे, त्याने २५६०×१४४० चा विचार याच हिशेबासाठी करावा.

रॅपर हे काम दुसऱ्या टोकाकडून करतो. गेम जुन्या भाषेत, डायरेक्टड्रॉ किंवा जुन्या डायरेक्टथ्रीडीत, चित्र मागतो. रॅपर मध्ये बसून ती मागणी आजच्या भाषेत सांगतो. त्रिमितीय गेमसाठी डीजीवूडू २ आणि द्विमितीयसाठी सीएनसी-डीड्रॉ, ही दोन नावं पुरेशी आहेत, दोन्ही फुकट. डीजीवूडूला सांगितलं की तो १०२४×७६८ चं दृश्य मोठ्या रिझोल्यूशनमध्ये नव्याने काढून घेतो. म्हणजे फोटो मोठा करणं नाही, मोठ्या कागदावर चित्र पुन्हा काढणं. कडा स्वच्छ येतात, प्रमाणही ४:३ राहतं. त्रास एवढाच की योग्य डीएलएल निवडून गेमच्या फोल्डरमध्ये टाकाव्या लागतात आणि प्रत्येक गेमला तेच पुन्हा करावं लागतं. ३२ बिटच्या गेमला ६४ बिटच्या फोल्डरमधली फाइल टाकली की काहीच होत नाही, आणि निम्म्या लोकांचं घोडं इथेच अडतं. जुने गेम जवळपास सगळे ३२ बिटचे. म्हणून 'एक्स८६' नावाचा फोल्डर.

१९९९ च्या एज ऑफ एम्पायर्स २ ला तर मी ड्रायव्हरच्या नादी न लागता थेट सीएनसी-डीड्रॉ सुचवेन. तो गेम २५६ रंगांच्या पॅलेटवर चालतो. विंडोज ७ च्या काळात त्यातलं गवत जांभळं आणि पाणी लाल व्हायचं, आणि लोक टास्क मॅनेजरमधून एक्सप्लोरर बंद करून मग गेम उघडायचे. रॅपर रंग आणि आकार दोन्ही एका फटक्यात सरळ करतो.

वाइडस्क्रीन फिक्स

आतापर्यंत चित्राचं बोललो. पट्टे नकोतच, पूर्ण स्क्रीन भरून हवी आणि माणसंही जाड नकोत, असं असेल तर गेमची नजरच रुंद करावी लागते. जुन्या त्रिमितीय गेममध्ये कॅमेऱ्याचा कोन ४:३ साठी बांधलेला असतो. समजा आडवा कोन ९० अंश आहे. १६:९ वर उंची कायम ठेवून बाजूंना जास्त दाखवायचं तर तो साधारण १०६ अंश व्हायला हवा. काही गेम रुंद रिझोल्यूशन देतात, पण आडवा कोन ९० वरच ठेवून वरून-खालून कापतात. उभा कोन ७४ वरून ५९ वर येतो. स्क्रीन भरलेली दिसते, पण तुम्ही आधीपेक्षा कमी बघत असता. यादीत १९२०×१०८० दिसलं म्हणून हुरळून जाऊ नका, ते याच कारणाने.

वाइडस्क्रीन फिक्स नावाने मिळणारे छोटे मोड (गेममध्ये बाहेरून घालायचे बदल) कोनही सुधारतात आणि रडार, आकडे, मेनू हेही प्रमाणात आणतात. व्हाइस सिटी, त्याच मालिकेतला सॅन अँड्रियास आणि २००५ चा गाड्यांच्या शर्यतीचा नीड फॉर स्पीड: मोस्ट वाँटेड, आपल्याकडच्या कॅफेतले तिन्ही राजे, यांना ते आहेत. मोस्ट वाँटेडच्या बाबतीत तर माझ्या मते दुसरा विचारच करू नये. मूळ गेममध्ये रुंद रिझोल्यूशन नाही, आणि २०१२ मध्ये त्याच नावाने आलेला गेम वेगळाच आहे. ती काही जुन्याची सुधारित आवृत्ती नव्हे. गेम १.३ वर आणायचा, फाइल टाकायच्या, बस. आरशातून मागे पोलिसांची रांग दिसतेय आणि दोन्ही कडांना गेममधल्या रॉकपोर्ट शहराचा रस्ता पसरलाय, हे एकदा बघितल्यावर ताणलेल्या चित्राकडे परत जाववत नाही.

याची किंमत दोन बाबतींत मोजावी लागते. एक, गेमची आवृत्ती जुळावी लागते. कुणाच्या पेन ड्राइव्हवरून आलेल्या काटछाट केलेल्या 'रिप' कॉपीवर हे मोड रुसतात, आणि मग मोडला शिव्या बसतात. दोन, बाहेरच्या डीएलएलवर अँटिव्हायरस ओरडतो. मोड ज्याने बनवला त्याच्याच गिटहब पानावरून घ्या. पाच-पाच 'डाउनलोड' बटणांच्या साइटवरून घ्याल तर अँटिव्हायरसचं ओरडणं बरोबर असू शकतं. आणि ऑनलाइन खेळायच्या, लबाडी पकडणारं अँटिचीट असलेल्या गेमच्या फोल्डरमध्ये रॅपर किंवा मोड अजिबात नको. तिथे फक्त ड्रायव्हर.

नवी आवृत्ती घ्यावी का

एज ऑफ एम्पायर्स २ साठी हो. २०१९ ची डेफिनिटिव्ह एडिशन नव्या चित्रांनी बनवली आहे, तिच्यात झूम आहे, आणि झूम हाच कळीचा मुद्दा. जुन्या गेमला मोड लावून १९२०×१०८० वर नेलं की नकाशा भरपूर दिसतो, पण सैनिक मुंग्यांएवढे होतात; चाळिशीच्या डोळ्यांना ते नको वाटतं. मित्रांबरोबर ऑनलाइन खेळायचं असेल तर प्रश्नच मिटला. फक्त डाउनलोड दणदणीत आहे आणि जुन्या लॅपटॉपला ती जड जाते. तिथे जुना गेम आणि रॅपरच बरा.

व्हाइस सिटीसाठी मी एवढा उत्साही नाही. नोव्हेंबर २०२१ मध्ये जीटीए ३, व्हाइस सिटी आणि सॅन अँड्रियास या तिन्ही गेमची डेफिनिटिव्ह एडिशन आली तेव्हा चुकांमुळे तिची इतकी नाचक्की झाली की गेमची कंपनी रॉकस्टारने माफी मागितली आणि विक्रीतून काढलेल्या मूळ आवृत्त्या पीसीसाठी परत आणल्या. नंतर दुरुस्त्या झाल्या. तरी ज्याच्याकडे मूळ गेम आहे त्याने आधी सायलेंटपॅच आणि वाइडस्क्रीन फिक्स लावून बघावं. बहुतेकांना मग पैसे घालावेसे वाटणार नाहीत.

काउंटर-स्ट्राइक हा ऑनलाइन गोळीबाराचा गेम खेळणाऱ्यांचा न्याय उलटा आहे. ते मुद्दाम ४:३ ठेवून चित्र ताणतात: समोरचा माणूस रुंद दिसतो, पिक्सेल कमी म्हणून फ्रेम (दर सेकंदाची चित्रं) जास्त मिळतात. बदल्यात कडांचं दृश्य जातं आणि बाजूने आलेला दिसत नाही. त्यांनी ड्रायव्हरमध्ये 'फुल स्क्रीन' निवडावं आणि वरचं सगळं विसरून जावं.

राहिला पाचवा उपाय, जुना मॉनिटर. पुण्यात तपकीर गल्लीत किंवा मुंबईत लॅमिंग्टन रोडला फिरताना सेकंडहँड १७ इंची एलसीडी दिसतो आणि मोह होतो. घेण्याआधी मागचं लेबल वाचा. १२८०×१०२४ असेल तर तो ४:३ नाही, ५:४ आहे. त्यावर ६४०×४८० पूर्ण भरलं तर चित्र आता उभं ताणलं जातं, टॉमी जाड व्हायचा तो उंच होतो. जुना काचेचा सीआरटी मिळाला तर गोष्ट वेगळी. त्याला ठरावीक पिक्सेलच नसतात, त्यामुळे झेपेल ते कुठलंही रिझोल्यूशन तो साफ दाखवतो. मात्र नव्या ग्राफिक्स कार्डाला व्हीजीएचं, म्हणजे त्या जुन्या मॉनिटरच्या केबलचं, भोक नसतं, एचडीएमआयवरून बदलणारा कन्व्हर्टर लागतो. आणि तो दोन जिने वर कोण चढवणार हे दुकानात असतानाच ठरवून घ्या.